बॅप्टिस्टने दिलेली सीडी

वसईतल्या पापडी गावच्या बॅप्टिस्ट लोपीसकडे कुणी काही मागितलं आणि तो नाही म्हणाला, असं कधी घडलं नव्हतं. त्याची शिडी वर्षातले दहा महिने दुसऱ्यांच्या भिंतींना टेकलेली असायची. त्याची स्कूटर कोणकोण चालवतं, हे त्याच्यापेक्षा मेकॅनिकला जास्त ठाऊक. त्याची बायको आग्नेस याला खुळेपणा म्हणायची आणि शेजारी चांगुलपणा म्हणायचे. शेजाऱ्यांचं काय जात होतं म्हणायला!

घरामागे त्याची लहानशी केळीची वाडी होती. केळीच्या बुंध्याशी नवे कोंब फुटतात, त्यांना मुनवे म्हणतात; ते काढून दुसरीकडे लावले की तिथे नवी केळ उभी राहते. आळीत मुनव्याचे पैसे घ्यायची पद्धत नव्हती. मागायला येईल त्याला चार मुनवे उपटून द्यायचे आणि नेणाऱ्याने पहिला घड उतरल्यावर त्यातली एक फणी आणून द्यायची, की झालं. दिल्याने आपली केळ काही कमी होत नाही, हे बॅप्टिस्टने लहानपणापासून पाहिलं होतं आणि जगातल्या सगळ्या गोष्टींना तो तेच लावायचा. पुढे जे रामायण झालं ते या एका समजुतीपायी.

पेशाने तो चित्रकार. पण त्याची चित्रं कुणी दिवाणखान्यात लावायचं नाही. इमारत उभी राहण्याआधी ती उभी राहिल्यावर कशी दिसेल, हे कागदावर रंगवून देणं हे त्याचं काम. आर्किटेक्ट त्याला पर्स्पेक्टिव्ह म्हणत आणि बिल्डर नुसतं ‘व्ह्यू’ म्हणत. फोर्टातल्या एका ऑफिसात वीस वर्षं हेच करून झाल्यावर, वसई-विरारला जिकडेतिकडे इमारतींचे सांगाडे दिसू लागले तेव्हा, त्याने घरच्या ओटीवरच ड्रॉइंग बोर्ड मांडला. काम रग्गड होतं. त्याची एक खोड होती. तो आधी जागा बघून यायचा आणि तिथे असलेलं झाड चित्रात जसंच्या तसं घालायचा. चिंच असेल तर चिंच, ताड असेल तर ताड. बिल्डर ते चित्र होर्डिंगवर लावायचा आणि दुसऱ्या दिवशी झाड तोडायचा. बॅप्टिस्टला वाईट वाटायचं, पण पुढच्या चित्रात तो पुन्हा तिथलं खरं झाडच रंगवायचा.

अठ्ठ्याण्णव साल उजाडलं आणि बिल्डरांची भाषा बदलली. ‘हातानं काढलेलं नको. कॉम्प्युटरवालं पाहिजे, फोटोसारखं.’ चार महिन्यांत ओटी ओस पडली. सत्तेचाळीस वर्षांचा बॅप्टिस्ट मग वसई स्टेशनजवळच्या क्लासात, नुकती मिसरूड फुटलेल्या मुलांच्या शेजारी माउस धरायला शिकला. पहिल्या आठवड्यात तो माउस इतका घट्ट धरायचा की घरी येऊन आग्नेसला बोटं चोळून द्यावी लागायची. पण शिकला. कॉम्प्युटरही आणला. अडलं ते सॉफ्टवेअरपाशी. त्याची किंमत दुकानदाराला दोनदा सांगावी लागली, कारण पहिल्यांदा बॅप्टिस्टला वाटलं, हा एखाद्या फ्लॅटचा भाव सांगतोय.

कॉम्प्युटर जुळवून देणाऱ्या सिद्धेशचा मनवेलपाड्यात एक गाळा होता. तो हसला.

‘काका, विकत कोण घेतं? अख्ख्या मुंबईत एकानं घेतलं असेल, त्याच्यावर आपण सगळे चालतोय.’ त्याने खणातून एक सीडी काढली. वर मार्करने लिहिलं होतं, ‘थ्रीडी फुल’. ‘मशीन माझ्याकडून घेतलंत ना? ही फ्री.’

‘ही चोरी नाही का रे?’ बॅप्टिस्टने विचारलं. रविवारी चर्चला जाणारा माणूस, विचारणारच.

‘कुणाचं काय कमी झालं सांगा? त्यांची सीडी त्यांच्याकडेच आहे की.’

हे बॅप्टिस्टला तंतोतंत पटलं. मुनव्याचंच तर शास्त्र हे.

सीडी चढवताना पडद्यावर एकाएकी लाल चौकट आली आणि मशीन टुंग टुंग करू लागलं. बॅप्टिस्ट दचकला. सिद्धेशने दोन बटणं दाबून ती चौकट घालवली. ‘अँटिव्हायरस आहे. कुलूप तोडलेली फाइल दिसली की बोंबलतो. खोटं ओरडतो तो, बंद करून टाकायचा.’ आणि त्याने तो बंद करून टाकला.

त्यानंतरचे सहा महिने बॅप्टिस्टच्या आयुष्यातले मजेचे. त्या सीडीत तयार झाडं होती, सगळी परदेशातली. नालासोपाऱ्याच्या चार मजली इमारतीसमोर त्याने लालभडक पानांची झाडं उभी केली आणि बिल्डर खूश झाला. बॅप्टिस्टला ते झाड कोणतं हे शेवटपर्यंत कळलं नाही. काम परत आलं आणि कामाबरोबर मागणारेही आले. नवशिके ड्राफ्ट्समन, इंटिरियरवाले, कुणाचा पुतण्या, कुणाचा मेहुणा. ‘बॅप्टिस्टभाऊ, ती सीडी जरा द्याल?’ बॅप्टिस्ट देणार नाही तर काय! आणि सीडीसुद्धा कधी रिकाम्या हाताने परत आली नाही. कुणी सुकेळी आणली, कुणी अंडी, नाताळात तर एकाने डबाभर तळलेले गोड फुगे आणले. नवऱ्याच्या देण्याबद्दल आग्नेस पहिल्यांदाच काही बोलली नाही.

प्रत्येकाला तो सीडी कशी चढवायची ते नीट समजावून द्यायचा. शेवटी सांगायचा, ‘लाल चौकट येईल. घाबरायचं नाही. खोटं ओरडतो तो, बंद कर.’

जानेवारीत जीनाने सीडी मागितली.

जीना म्हणजे शेजारच्या गॉडफ्रेची मुलगी. गॉडफ्रे पोस्टात कारकून आणि बॅप्टिस्टचा शाळेपासूनचा दोस्त. जीनाच्या बाप्तिस्म्याला तिला हातात धरून उभा राहिला होता तो बॅप्टिस्ट. तो तिचा धर्मपिता. बॅप्टिस्टला मूलबाळ नाही. पाच वर्षांची असल्यापासून जीना त्याच्या बोर्डाखाली बसून उरलेल्या रंगांनी फरशी रंगवायची. ती आर्किटेक्चरला गेली तेव्हा गॉडफ्रेपेक्षा यानेच जास्त पेढे वाटले. आता तिचं शेवटचं वर्ष होतं. प्रबंधाला तिने वसईची बावखलं घेतली होती: वाड्यांना पाणी पुरवणारी, चहूबाजूंनी झाडांनी वेढलेली जुनी तळी, जी एकेक करून बुजत चालली होती. ती न बुजवता भोवती गाव कसं वाढेल, हे ती दाखवणार होती. मे महिन्यात परीक्षक येणार, आणि जूनपासून वांद्र्याच्या एका ऑफिसात तिची नोकरी पक्की होती, पास झाली तर.

सीडी नेल्याच्या दुसऱ्या दिवशी ती कुंपणापलीकडून ओरडली, ‘काका, लाल चौकट येतेय. व्हायरस आहे म्हणतोय. नावपण देतोय.’

बॅप्टिस्ट त्या वेळी एका गच्चीवर टाकी बसवत होता, म्हणजे पडद्यावर. त्याने मानसुद्धा वळवली नाही.

‘बंद कर गं. खोटं ओरडतो तो.’

एप्रिलच्या शेवटच्या रविवारी बॅप्टिस्ट आणि आग्नेस निर्मळला गेले. आग्नेसच्या भाच्याचं लग्न होतं. ते परतले मंगळवारी दुपारी. कॉम्प्युटर तीन दिवस बंद होता, वर आग्नेसने शिवलेलं फुलाफुलांचं कव्हर.

शेजारच्या घरात कुणी गेल्यासारखी शांतता होती. जीना भिंतीकडे तोंड करून बसली होती. सोमवारी सकाळी तिने मशीन लावलं, काम करता करता ते थिजलं, बंद करून लावलं तर पडदा काळा. स्टेशनजवळच्या दुरुस्तीवाल्याने उघडून पाहिलं आणि हात वर केले. आतली चिप गेली होती आणि डिस्क कोरी झाली होती. पाच महिन्यांचं काम त्यात होतं. काही नकाशे फ्लॉप्यांवर होते, तेही फेब्रुवारीपर्यंतचे. मोठ्या फाइली फ्लॉपीत मावतच नव्हत्या.

‘या वीजवाल्यांना उलटं टांगलं पाहिजे,’ गॉडफ्रे येरझारा घालत म्हणत होता. ‘व्होल्टेज वरखाली करतात आणि आमच्या पोरीचं वर्ष जातं.’

‘खरंय,’ बॅप्टिस्ट म्हणाला. ‘व्होल्टेजच असणार.’ आणि त्या क्षणी त्याला खरोखर तसंच वाटत होतं.

बुधवारी पेपर वाचताना त्याच्या हातातला चहा निवला. सोमवारी, सव्वीस एप्रिलला, जागजागचे हजारो कॉम्प्युटर एका व्हायरसने मारले होते. तो महिनोन्‌महिने गुपचूप बसून राहिला होता आणि ठरलेल्या तारखेला उठला होता. चोरून उतरवलेल्या सीड्यांमधून तो पसरला, असं शेवटच्या परिच्छेदात होतं. बॅप्टिस्टने तो परिच्छेद तीनदा वाचला. मग त्याने सिद्धेशला बोलावून घेतलं आणि मशीनवरचं कव्हर स्वतः न काढता तो बाजूला उभा राहिला.

सिद्धेश व्हायरस शोधणारी नवी फ्लॉपी घेऊन आला. त्याचाही चेहरा उतरलेला होता. त्याच्या पाच गिऱ्हाइकांची मशिनं गेली होती. अर्ध्या तासाने तो म्हणाला, ‘काका, आहे. सोमवारी लावलं असतंत तर हेपण गेलं असतं. लकी आहात.’

‘कुठून आला?’

‘त्या कुलूप तोडलेल्या फाइलमध्येच बसलाय. सीडीतूनच आलाय.’

‘म्हणजे तो तेव्हा ओरडला...’

‘खरंच ओरडला होता,’ सिद्धेश खाली बघून म्हणाला. ‘शंभर वेळा खोटा ओरडतो, काका. एकदा खरा. आपल्याला काय कळणार?’

बॅप्टिस्टला स्वतःची किळस आली. लकी म्हणे! ज्याने वाटलं तो वाचला आणि ज्यांनी विश्वासाने घेतलं ते गेले. फार वर्षांपूर्वी त्याच्या वाडीतल्या मुनव्यांतून रोग पसरला होता. शेंड्याची पानं आखडून गुच्छ व्हायचा आणि केळ घडच धरायची नाही. तेव्हा तो कोयता घेऊन घरोघर गेला होता. ‘माझ्याकडून आलंय, मीच काढतो,’ म्हणत एकेक केळ खणून त्याने जाळली होती. कुणी रागावलं नाही, उलट चहा पाजला. मग आता तेवढंच वाक्य जिभेवर का येत नव्हतं? कारण केळ पुढच्या वर्षी येते. आणि कारण मुनवे देताना त्याने कुणाला रोगाकडे डोळेझाक करायला सांगितलं नव्हतं. जीनाने विचारलं होतं. तिने अगदी स्वच्छ विचारलं होतं.

ज्यांनी सीडी नेली होती त्यांच्याकडे तो सिद्धेशला घेऊन स्कूटरवरून फिरला. तिघांची मशिनं मेली होती, बाकीच्यांची साफ करून घेतली. तिथे सगळं सांगितलं, शिव्याही खाल्ल्या. रोज संध्याकाळी परत येताना मात्र तो गॉडफ्रेच्या फाटकासमोरून मान खाली घालून जायचा. शनिवारी तो पापनिवेदनाच्या रांगेत उभा राहिला. पुढे दोनच माणसं उरली तेव्हा त्याच्या ध्यानात आलं की आपल्याला फादरना नाही, दुसऱ्याच कुणाला सांगायचंय, आणि ते टाळायला आपण इथे आलोय. तो रांगेतून बाहेर पडला आणि तरीही घरीच गेला. भित्रा होता, झालं.

इकडे जीना हाताने शीट काढायला बसली होती. नकाशे होतील कसेबसे, पण व्ह्यू कुठून होणार? बॅप्टिस्टने ओटीवरचा जुना बोर्ड झटकला. वाळलेल्या रंगांच्या वड्या भिजवल्या. सकाळी उठून तो पापडीच्या, निर्मळच्या बावखलांवर जाऊन बसायचा आणि दिवसभर रंगवायचा. काठाला वाकलेला उंबर, करंज, पाण्यात उतरलेली दगडी पायरी, आणि त्यांच्या आडून जीनाने योजलेली बैठी घरं, तिच्या नकाशावरून बरोबर मापात. आठ दिवसांत चार चित्रं झाली. इतकं चांगलं काम त्याने आयुष्यात केलं नव्हतं, हे त्याला स्वतःलाच कळत होतं. आता हे दिलं की फिटलं, असं त्याने मनाशी ठरवलं. सांगायची गरजच काय?

गुंडाळी घेऊन तो गेला तेव्हा घरात जीना एकटीच होती. तिने चारही चित्रं टेबलावर पसरली. एका चित्रातल्या पाण्यावरून तिने बोट फिरवलं, कागदाला न टेकवता.

‘काका, कॉम्प्युटरला हे कधीच जमणार नाही.’

‘शीटवर चिकटव. परीक्षक बघत राहतील.’

‘मी कशी चिकटवू?’ ती म्हणाली. ‘खाली माझं नाव असणार. काम तुमचं आणि नाव माझं. ही चोरी होईल ना, काका.’

ती सहज बोलली होती, पण बॅप्टिस्ट खुर्ची ओढून बसला. दहा दिवस गिळून ठेवलेलं सगळं त्याच्या तोंडून बाहेर पडलं; सलग नाही, तुटक तुटक, मागचं पुढे. सीडी, लाल चौकट, सिद्धेश, बंद मशीन. ‘व्होल्टेज नव्हतं गं. मी होतो. तू विचारलंस आणि मी वळून बघितलंसुद्धा नाही. तुझं वर्ष मी घालवलं.’ त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते पुसायचं त्याला सुचत नव्हतं.

जीना उठली. आतून तिने वही आणली आणि एक पान उघडून त्याच्यासमोर धरलं. जानेवारीतली तारीख होती आणि खाली तिच्या सुबक अक्षरात त्या व्हायरसचं नाव.

‘चौकटीतून उतरवून ठेवलं होतं,’ ती म्हणाली. ‘बुधवारी पेपरात तेच नाव आलं.’

‘म्हणजे तुला ठाऊक होतं? मग गॉडफ्रे वीजवाल्यांना शिव्या घालतोय तर तू गप्प का?’

‘सांगितलं असतं तर तुमचं नाव घ्यावं लागलं असतं.’ तिने वही मिटली. ‘आणि नंतर माझंपण.’

‘तुझं कशाला?’

‘सीडी मी फेब्रुवारीत संपदाला दिली. माझ्या वर्गातली, मनवेलपाड्याला राहते ना, ती. तिचंही सोमवारी सगळं गेलं. बाबांनी यूपीएस घेतला नाही म्हणून झालं, असं ती समजतेय. दहा दिवस बोलली नाहीये त्यांच्याशी. रोज फोनवर रडते आणि मी ऐकून घेते.’

बॅप्टिस्टला पुढचा प्रश्न विचारायचा नव्हता, पण तो विचारला गेला. ‘तिच्याकडे लाल चौकट आली नव्हती?’

‘आली होती. तिने मला फोन करून विचारलं होतं.’

‘मग?’

‘तुम्ही मला जे सांगितलंत तेच मी तिला सांगितलं.’

बाहेर गॉडफ्रेच्या कोंबड्या कलकलत होत्या. बॅप्टिस्टने रुमाल काढून तोंड पुसलं. चित्रांची गुंडाळी पुन्हा बांधून त्याने कोपऱ्यात ठेवली आणि स्कूटरची किल्ली काढली. ‘चल,’ तो म्हणाला. जीनाने चपला पायात सरकवल्या.

मनवेलपाड्याला पोचल्यावर बेल जीनानेच वाजवली. दार संपदाच्या आईने, सुनंदाबाईंनी उघडलं. आतल्या खोलीत दिवा लावून संपदा शीटवर वाकली होती. तिचे वडील खिडकीपाशी पेपर घेऊन बसले होते, मुलीकडे पाठ करून, आणि पेपराचं पान उलटत नव्हते.

‘या ना,’ सुनंदाबाई म्हणाल्या. ‘जीनाचे काका ना तुम्ही? सीडी तुमचीच होती, नाही का? अहो, पोरीचं सगळं गेलं, पण तुमची वस्तू मात्र मी जपून ठेवली होती.’ त्या लगबगीने आत गेल्या. प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेली सीडी आणि तिच्याखाली एक स्टीलचा डबा त्यांनी त्याच्या हातात दिला. ‘रिकामी कशी द्यायची? रव्याचे लाडू आहेत, घरचेच.’

बॅप्टिस्टने डबा ठेवून घेतला नाही. तो दारातल्या स्टुलावर ठेवला आणि वर सीडी ठेवली.

‘आधी आमचं ऐकून घ्या, वहिनी,’ तो म्हणाला. ‘साहेबांनाही बोलवा आणि संपदालाही. मग तुम्हीच ठरवा, हे लाडू मला द्यायचे का.’